कार्डाच्या हिशेबातील अनोळखी नोंद

या महिन्यात आलेल्या पत्रांपैकी चार पत्रे एकाच विषयाची निघाली, म्हणून बाकीचे प्रश्न पुढच्या अंकासाठी राखून ठेवले आहेत. पत्रलेखकांच्या इच्छेनुसार नावे वगळली असून रकमा व तारखा त्यांनी कळवल्याप्रमाणेच ठेवल्या आहेत. आरंभीच एक विनंती करतो. खात्यातून किंवा कार्डावरून अनोळखी रक्कम गेल्याचे दिसल्यास मासिकाला पत्र लिहून उत्तराची वाट पाहत बसू नये, कारण बँकेकडे तक्रार नोंदवण्याची मुदत दिवसांत मोजली जाते आणि आमचा अंक महिन्याने निघतो.

प्रश्न : मी परभणी जिल्ह्यातील एका जिल्हा परिषद शाळेत शिक्षिका आहे. माझ्या क्रेडिट कार्डाच्या विवरणपत्रात १४ जून या तारखेस १,४९९ रुपयांची एक नोंद आहे. इंग्रजी अक्षरांतील एक अर्धवट तुटलेले नाव आणि त्यापुढे ‘गुरुग्राम’ एवढाच तपशील तिथे दिसतो. गुरुग्रामला मी कधीही गेलेली नाही. त्या दिवशी आम्ही सर्व शिक्षक शाळा उघडण्याच्या तयारीत होतो आणि कार्ड घरी कपाटात होते. ओटीपी आल्याचे आठवत नाही. कस्टमर केअरला फोन केला तेव्हा ‘फ्रॉड आहे की डिस्प्यूट’ असे विचारले गेले. फरक न कळल्यामुळे मी फोन ठेवून दिला. एवढ्या रकमेसाठी कटकट नको, भरून टाकावे, असे घरच्यांचे मत आहे. कार्ड ताबडतोब बंद करावे असे मुलगी म्हणते. गेल्या वर्षी याच सुमारास तिच्या स्पर्धा परीक्षेसाठी मोबाईलवर एक अभ्यासक्रम घेतला होता; परंतु त्याचे ९९९ रुपये तेव्हाच दिले होते आणि ते ॲपही नंतर काढून टाकले. बिलाची अंतिम तारीख ८ जुलै आहे. मी काय करावे?

उत्तर : फोनवरील कर्मचाऱ्याने आपल्याला योग्य तोच प्रश्न विचारला होता, तो समजावून सांगण्याची तसदी मात्र त्याने घेतली नाही. अनोळखी वाटणारी नोंद तीन प्रकारची असू शकते. पहिल्या प्रकारात व्यवहार आपण किंवा आपल्या संमतीने घरातील कोणीही केलेला नसतो आणि कार्डाचा तपशील तिसऱ्याच्या हाती लागलेला असतो; बँक याला फ्रॉड म्हणते. दुसऱ्या प्रकारात व्यवहार आपलाच असतो, पण वस्तू आलेली नसते, रक्कम जास्त लागलेली असते, एकाच खरेदीची दोनदा आकारणी झालेली असते किंवा सेवा रद्द करूनही पैसे कापलेले असतात. बँकेच्या भाषेत हा डिस्प्यूट, म्हणजे दुकानदाराशी असलेला वाद होय. तिसऱ्या प्रकारात व्यवहारही आपला असतो आणि रक्कमही बरोबर असते, केवळ विवरणपत्रातील नाव आपल्याला ओळखू येत नाही. बँकेत असताना माझ्या टेबलावर आलेल्या अशा अर्जांपैकी बरेचसे या तिसऱ्या प्रकारात मोडत असत, हे मी अर्जदारांविषयी पूर्ण आदर ठेवून सांगतो, कारण ती नावे ओळखणे खरोखरच कठीण असते.

हा फरक केवळ शब्दांचा नाही. ‘फ्रॉड’ म्हटल्यावर बँक कार्ड तत्काळ बंद करून नवे पाठवते आणि हा व्यवहार आपण केलेला नाही व कोणाला करू दिलेला नाही, असे आपल्याकडून लेखी घेते. पुढे दुकानदाराने आपलाच मोबाईल क्रमांक, ई-मेल आणि मूळ खरेदीचा पुरावा सादर केला, तर ती रक्कम पुन्हा बिलात येते आणि आपली सही असलेले चुकीचे निवेदन बँकेच्या दप्तरी राहते. याउलट, खरोखर चोरी झालेली असताना आपण तिला डिस्प्यूट म्हणालात, तर कार्ड चालूच राहते आणि चोराला पुढचा व्यवहार करण्यास वाव मिळतो. म्हणून नोंद ओळखण्यासाठी एक संध्याकाळ जरूर द्यावी, मात्र एकच द्यावी.

प्रथम नाव पाहू. विवरणपत्रात दुकानाचे नाव छापण्यासाठी साधारणपणे वीस-पंचवीस अक्षरांचीच जागा असते, त्यामुळे लांब नाव मधेच तुटते. शिवाय तिथे पाटीवरचे नाव येत नाही, तर ज्या नावाने दुकानदाराने बँकेशी किंवा पैसे गोळा करून देणाऱ्या पेमेंट कंपनीशी करार केला आहे ते नाव येते. आपल्या मोंढ्यात हे काही नवे नाही. पाटीवर आजोबांचे नाव, परवाना मुलाच्या नावे आणि जीएसटीची नोंदणी सुनेच्या नावे असलेली कितीतरी दुकाने आपण पाहतो. ऑनलाइन व्यवहारात त्यात आणखी एक पदर वाढतो: आधी पेमेंट कंपनीच्या नावाची चार अक्षरे आणि मग मूळ विक्रेत्याच्या नावाचा तुकडा. गावाचे नावही खरेदीचे ठिकाण सांगत नाही. विक्रेत्याची किंवा पेमेंट कंपनीची नोंदणी जिथे असेल ते शहर तिथे छापले जाते. परभणीत बसून केलेल्या खरेदीपुढे गुरुग्राम, बेंगळुरू किंवा मुंबई दिसणे ही रोजची गोष्ट आहे.

तारखेचाही असाच घोळ असतो. व्यवहाराची तारीख आणि तो खात्यावर चढल्याची तारीख यांत एक-दोन दिवसांचे, कधी अधिकही अंतर पडते. म्हणून १४ तारखेची नोंद पाहताना ११ ते १४ जून या काळातले मोबाईलवरील संदेश आणि ई-मेल शोधावेत, आणि ते नावाने नव्हे तर रकमेने शोधावेत. नाव बदलते, रक्कम सहसा बदलत नाही.

आपल्या पत्रात उत्तराचा धागा आपणच दिला आहे. जून महिनाच, अभ्यासक्रमाचे ॲप आणि एक वर्षाचा काळ ही तीन गोष्टींची जुळणी मला योगायोग वाटत नाही. अशी ॲपे पहिल्या वर्षी सवलतीच्या दराने दिली जातात आणि खरेदी करतानाच ‘दर वर्षी आपोआप नूतनीकरण’ या चौकोनात खूण झालेली असते. रिझर्व्ह बँकेने १ ऑक्टोबर २०२१ पासून अशा आवर्ती वसुलीसाठी नियम लागू केले आहेत. पहिल्यांदा संमती नोंदवताना ओटीपी लागतो. त्यानंतर ठरावीक मर्यादेपर्यंतच्या वसुलीला लागत नाही. ही मर्यादा आरंभी ५,००० रुपये होती आणि जून २०२२ मध्ये ती १५,००० करण्यात आली. म्हणजे १,४९९ रुपये ओटीपीशिवाय जाणे नियमात बसते. संमती देताना रक्कम निश्चित ठेवता येते किंवा केवळ कमाल मर्यादा ठरवता येते. कमाल मर्यादा ठरवली असेल तर ९९९ चे १,४९९ होण्यासही आडकाठी राहत नाही. मात्र प्रत्येक वसुलीच्या किमान २४ तास आधी विक्रेत्याचे नाव, रक्कम आणि तारीख कळवणारी सूचना पाठवणे कार्ड देणाऱ्या बँकेवर बंधनकारक आहे आणि त्या सूचनेतूनच ती वसुली नाकारण्याची सोयही ग्राहकाला मिळाली पाहिजे. १२-१३ जूनची ती सूचना जाहिरातींच्या संदेशांच्या गर्दीत कुठेतरी असेल. ती सापडली तर कोडे सुटले. शोधूनही सापडली नाही, तर सूचना केव्हा व कोणत्या क्रमांकावर पाठवली हे बँकेला लेखी विचारावे.

ॲप फोनमधून काढून टाकल्याने वसुलीची संमती रद्द होत नाही. वर्तमानपत्र वाचणे सोडले म्हणून टाकणाऱ्याचे बिल थांबत नाही, तसेच हे आहे. बँकेच्या ॲपमध्ये किंवा संकेतस्थळावर कार्डाच्या विभागात आवर्ती वसुलीची यादी असते. तिला काही बँका ई-मँडेट, काही ऑटो-पे तर काही स्टँडिंग इन्स्ट्रक्शन म्हणतात. तिथे हा विक्रेता दिसतो का ते पाहावे आणि दिसल्यास संमती तिथेच रद्द करावी. त्यानंतर विक्रेत्याला ई-मेल लिहून नूतनीकरण नको असल्याचे व नव्या वर्षात अभ्यासक्रम एकदाही उघडला नसल्याचे कळवून परतावा मागावा. बरेच विक्रेते पहिल्या काही दिवसांत परतावा देतात. त्यांनी नकार दिला आणि रद्द केल्याचा जुना पुरावा आपल्याकडे असेल, तर ‘रद्द केलेल्या सेवेची आकारणी’ या कारणाखाली बँकेकडे डिस्प्यूट नोंदवता येतो. बँक मग व्हिसा, मास्टरकार्ड यांसारख्या कार्डाच्या जाळ्यामार्फत दुकानदाराच्या बँकेकडून रक्कम परत मागते. यालाच चार्जबॅक म्हणतात. त्याला मुदत असते. व्हिसा व मास्टरकार्ड यांच्या बहुतेक प्रकारांत ती १२० दिवसांची आहे. परंतु बँकेला कागद जमवण्यास वेळ लागतो, म्हणून पहिल्या महिन्यातच अर्ज द्यावा. रद्द केल्याचा पुरावाच नसेल, तर हा दावा दुबळा आहे, हे स्पष्ट सांगणे मला भाग आहे.

यादीत विक्रेता नाही, संदेश नाही, घरातल्या कोणालाही काही आठवत नाही, असे निष्पन्न झाले तर मात्र दुसऱ्या दिवसाची वाट न पाहता ‘फ्रॉड’ या शब्दातच तक्रार नोंदवून कार्ड बंद करून घ्यावे. त्या स्थितीत मुलीचे म्हणणे बरोबर ठरेल.

आता बिलाविषयी. क्रेडिट कार्डांविषयीच्या रिझर्व्ह बँकेच्या २०२२ च्या निर्देशांनुसार, ग्राहकाने फ्रॉड म्हणून आक्षेप घेतलेल्या रकमेवर वाद मिटेपर्यंत कोणतेही शुल्क लावता येत नाही, आणि बिलाबाबत तक्रार आल्यास ३० दिवसांच्या आत, आवश्यक तिथे कागदोपत्री पुराव्यासह, खुलासा करणे बँकेवर बंधनकारक आहे. ही सवलत फ्रॉडच्या आक्षेपासाठी आहे, दुकानदाराशी असलेल्या वादासाठी तिच्यावर विसंबू नये. म्हणून हे नूतनीकरणच आहे असे निघाल्यास ८ जुलैपूर्वी संपूर्ण बिल भरावे आणि परतावा नंतर मिळवावा. फ्रॉड असल्यास वादातली रक्कम बाजूला काढल्याचे बँकेकडून ई-मेलवर कळवून घ्यावे आणि उरलेली संपूर्ण रक्कम भरावी. ‘किमान देय’ भरून थांबू नये. घरच्यांचा ‘भरून टाका’ हा सल्ला शांततेसाठी ठीक असला, तरी संमती रद्द न करता भरल्यास पुढील जूनमध्ये हेच पत्र आपल्याला पुन्हा लिहावे लागेल.

प्रश्न : आम्ही उदगीर तालुक्यातील असून मुलगा ‘नीट’च्या तयारीसाठी लातूरला राहतो. मेसचे व खोलीभाड्याचे पैसे काढता यावेत म्हणून माझ्या बचत खात्याचे डेबिट कार्ड त्याच्याकडे असते. मे महिन्यात एका बुधवारी रात्री पावणेबाराच्या सुमारास माझ्या मोबाईलवर तीन संदेश आले: पहिला एका डॉलरचा, नंतर ४,३८० आणि ४,४१२ रुपयांचे. एका डॉलरची नोंद पुढे नाहीशी झाली, बाकीचे ८,७९२ रुपये गेले. ओटीपी आला नाही. गुरुवारी सकाळी कस्टमर केअरला फोन करून कार्ड बंद केले. त्यांनी तक्रार क्रमांक दिला नाही आणि मीही मागितला नाही. शाखेत जाऊन अर्ज देईपर्यंत पुढचा गुरुवार उजाडला. शाखेचे म्हणणे असे की, ओटीपीशिवाय व्यवहार होऊच शकत नाही, म्हणजे तुम्हीच तो कोणाला तरी सांगितला असणार; शिवाय तक्रार उशिरा दिल्यामुळे दहा हजारांपर्यंतचे नुकसान तुमचे. हे खरे आहे का?

उत्तर : शाखेच्या दोन विधानांपैकी पहिले चुकीचे आहे. दुसरे नियमावर आधारलेले आहे, पण आपल्या बाबतीत ते लागू होत नाही, असे माझे मत आहे.

ओटीपीची सक्ती ही भारतातील विक्रेत्यांसाठी आहे. परदेशातील विक्रेता केवळ कार्ड क्रमांक, मुदत आणि कार्डाच्या मागील बाजूवरील तीन आकडे घेऊन ओटीपी न मागता रक्कम वसूल करू शकतो, आणि चोरलेल्या तपशिलाचा वापर अशाच ठिकाणी केला जातो. आधी एका डॉलरचा व्यवहार ही त्याची ठळक खूण आहे. कार्ड चालू आहे की नाही हे त्यातून तपासले जाते आणि ते चालते असे दिसताच मिनिटाभरात मोठ्या रकमा उचलल्या जातात. तेव्हा ‘ओटीपी तुम्हीच दिला’ हे म्हणणे बँकेने सिद्ध करून दाखवले पाहिजे. ग्राहकाची जबाबदारी सिद्ध करण्याचा भार बँकेवर आहे, असे रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात स्पष्ट म्हटले आहे.

शाखेला उलट एक प्रश्न आपण लेखी विचारावा, आणि तो माझ्या मते या प्रकरणातला सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे: या कार्डावर परदेशी व्यवहारांची सोय कोणी, केव्हा आणि कोणत्या मार्गाने सुरू केली? जानेवारी २०२० च्या आदेशानुसार नवे कार्ड देताना ते केवळ देशातील एटीएम व दुकानातील मशीनपुरतेच चालू असले पाहिजे, आणि ज्या जुन्या कार्डाने कधीच ऑनलाइन किंवा परदेशी व्यवहार झालेला नाही त्याची ती सोय बंद ठेवणे बँकांना अनिवार्य करण्यात आले. ती सोय आपण सुरू केली नसेल तर चूक बँकेकडे जाते, आणि बँकेची चूक असेल तेव्हा ग्राहकाने कधी कळवले हा मुद्दाच उरत नाही. त्याची जबाबदारी शून्य असते.

आता उशिराविषयी. चूक बँकेचीही नाही आणि ग्राहकाचीही नाही, तर यंत्रणेत अन्यत्र कुठेतरी आहे, अशा प्रकरणांत त्या परिपत्रकाने दिवसांची मोजणी घातली आहे. बँकेचा संदेश मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळवल्यास ग्राहकाला एक रुपयाही सोसावा लागत नाही. चार ते सात दिवसांत कळवल्यास मर्यादित भार पडतो; सर्वसाधारण बचत खात्यासाठी तो कमाल १०,००० रुपये, मूलभूत बचत खात्यासाठी ५,००० आणि पाच लाखांहून अधिक मर्यादेच्या क्रेडिट कार्डासाठी २५,००० आहे. सात दिवसांनंतर बँकेच्या संचालक मंडळाने ठरवलेले धोरण लागू होते. या ‘मर्यादित’ शब्दाने फसू नये. आपले नुकसान ८,७९२ रुपयांचे, म्हणजे दहा हजारांहून कमीच आहे. तक्रार चौथ्या दिवशी दिली असे ठरले तर संपूर्ण रक्कम आपल्याच माथी बसते. लहान खातेदारासाठी चार ते सात दिवसांचा हा टप्पा बहुतेक वेळा कामाचा नसतो, हे मी अनेकदा पाहिले आहे.

दिवस मोजताना संदेश मिळालेला दिवस धरला जात नाही आणि आपल्या मूळ शाखेचे कामकाजाचे दिवसच मोजले जातात. बुधवारी रात्री संदेश आला, म्हणजे गुरुवार पहिला, शुक्रवार दुसरा. शनिवार दुसरा किंवा चौथा असल्यास तो सुटीचा, रविवार सुटीचा, आणि सोमवार तिसरा. मोजणी चालू असताना सणाची सुटी आली तर तीही वगळली जाते. त्यामुळे पुढच्या गुरुवारचा अर्ज खरोखरच मुदतीबाहेर पडतो. परंतु आपण बँकेला पहिल्याच दिवशी, गुरुवारी सकाळी, फोनवर कळवले आणि कार्डही त्याच वेळी बंद झाले. फोनवरून दिलेली सूचना ही सूचनाच असते. तक्रार येताच तक्रार क्रमांकासह पोच देण्याची आणि संदेशांची तारीख व वेळ जतन करण्याची जबाबदारी त्याच परिपत्रकाने बँकेवर टाकलेली आहे. क्रमांक दिला नाही ही बँकेची त्रुटी आहे, तिचा दंड आपण भरण्याचे कारण नाही.

म्हणून नवा अर्ज लिहावा आणि त्यात तक्रारीच्या कहाणीपेक्षा तारखा व वेळा द्याव्यात. मजकूर साधारण असा असावा: ‘अमुक तारखेस रात्री ११.४५ च्या सुमारास माझ्या खात्यातून माझ्या संमतीविना दोन परदेशी व्यवहार झाले. दुसऱ्या दिवशी सकाळी इतके वाजून इतक्या मिनिटांनी मी आपल्या कस्टमर केअर क्रमांकावर कळवून कार्ड बंद केले. कॉलच्या नोंदीची आणि कार्ड बंद झाल्याच्या संदेशाची प्रत सोबत आहे. हीच माझी पहिली सूचना समजावी. परदेशी व्यवहारांची सोय कोणत्या दिवशी व कोणत्या मार्गाने सुरू झाली याची नोंद मला द्यावी. ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार संपूर्ण रक्कम, तिच्यावरील परकीय चलन रूपांतर शुल्क व जीएसटी यांसह, व्यवहाराच्या तारखेपासून खात्यात जमा करावी.’ दोन प्रती कराव्यात आणि एकीवर शाखेचा शिक्का, सही व तारीख घेऊन यावी. शिक्का देण्यास टाळाटाळ झाल्यास अर्ज पोचपावतीसह स्पीड पोस्टाने पाठवावा. काउंटरवर वाद घालत उभे राहू नये.

सूचना मिळाल्यापासून दहा कामकाजाच्या दिवसांत बँकेने वादातील रक्कम तात्पुरती खात्यात जमा करावी आणि ९० दिवसांत प्रकरण निकाली काढावे, अशी या नियमांची अपेक्षा आहे. तात्पुरती जमा झालेली रक्कम लगेच खर्च करू नये, निकाल विरुद्ध गेल्यास ती परत जाते. सायबर गुन्ह्यांच्या १९३० या राष्ट्रीय क्रमांकावर कळवण्याचा खरा उपयोग पहिल्या काही तासांत, पैसे वाटेत असताना होतो. तरीही आता लेखी नोंद म्हणून शासनाच्या सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार करावी, कारण बँका तिची प्रत मागतात. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिले नाही किंवा नकार कळवला, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तिच्या तक्रार पोर्टलवरून विनामूल्य दाद मागता येते. त्यासाठी वकील लागत नाही. १४४४८ या क्रमांकावर माहितीही मिळते.

एक नाजूक गोष्ट उरते. कार्ड मुलाच्या हाती आणि पिन त्याला ठाऊक, ही आपल्याकडची घरोघरची रीत असली तरी बँक तिला निष्काळजीपणा म्हणू शकते. पिन सांगितल्यामुळे झालेले नुकसान बँकेला कळवेपर्यंत ग्राहकाचेच असते. आपल्या प्रकरणात पिन वापरलाच गेलेला नाही, हा मुद्दा अर्जात जरूर मांडावा. आणि अर्ज देण्यापूर्वी मुलाला एकदा शांतपणे विचारावे की त्याने एखाद्या परदेशी संकेतस्थळावर हे कार्ड टाकले होते का, कारण तसे असल्यास आपल्या सहीचा अर्ज खोटा ठरेल. रागावून विचारल्यास खरे उत्तर मिळणार नाही. पुढे मेसच्या पैशांसाठी मुलाच्या नावाने वेगळे बचत खाते उघडावे. त्यात महिन्यापुरतीच रक्कम असली म्हणजे जोखीमही तेवढीच राहते.

प्रश्न : मी नांदेडला आडत दुकान चालवतो. पेट्रोल पंपावर २,००० रुपयांसाठी डेबिट कार्ड लावले. मशीनवर व्यवहार अयशस्वी दाखवला, स्लिप निघाली नाही. पुन्हा कार्ड लावल्यावर स्लिप निघाली. खात्यातून मात्र दोनदा पैसे गेले. विवरणपत्रात पंपाचे नाव नसून कोणा व्यक्तीचे नाव आहे.

उत्तर : ते नाव पंपचालकाचे असेल, त्याची चिंता नको. पैसे गेले पण दुकानदाराच्या मशीनवर पुष्टी झाली नाही, अशा व्यवहाराची रक्कम व्यवहाराच्या दिवसानंतर पाच दिवसांत आपोआप परत आली पाहिजे, आणि त्यानंतरच्या प्रत्येक दिवसासाठी बँकेने १०० रुपये भरपाई द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा सप्टेंबर २०१९ चा आदेश आहे. भरपाई न मागताही मिळायला हवी. प्रत्यक्षात मागावी लागते. मात्र पंपाच्या दिवसअखेरच्या हिशेबात दोन्ही व्यवहार यशस्वी दिसत असतील, तर हा आदेश लागू होत नाही. तेव्हा आधी पंपावर जाऊन तो हिशेब पाहावा. दोन्ही रकमा त्यांना मिळालेल्या असल्यास एक परत देण्यास सांगावे, आणि ते ऐकत नसल्यास ‘दुहेरी आकारणी’ म्हणून बँकेकडे डिस्प्यूट द्यावा. रोख परत घेऊन वर बँकेतही तक्रार करू नये; असे प्रकार घडतात, म्हणून लिहिले.

प्रश्न : मी धाराशिव येथील निवृत्त कर्मचारी आहे. माझे निवृत्तिवेतन ज्या बँकेत जमा होते तिने न मागता क्रेडिट कार्ड पाठवले. मी पाकीट उघडलेही नाही. आता ५९० रुपयांचे बिल आले असून वसुलीचे फोन येत आहेत. भरून मोकळे व्हावे का?

उत्तर : भरू नये. ५०० रुपये वार्षिक शुल्क आणि त्यावर १८ टक्के जीएसटी मिळून ५९० होतात, म्हणजे कोणी खरेदी केलेली नाही. बँकेने स्वतःचे शुल्क लावले आहे. न मागता कार्ड देण्यास रिझर्व्ह बँकेच्या २०२२ च्या निर्देशांनी मनाई केली आहे. संमतीशिवाय कार्ड देऊन ते चालू केले व बिल लावले, तर ते बिल तत्काळ मागे घेऊन त्याच्या दुप्पट रक्कम ग्राहकाला दंड म्हणून द्यावी लागते. शिवाय कार्ड ३० दिवसांत चालू केले गेले नाही, तर बँकेने ओटीपीद्वारे आपली संमती विचारावी आणि ती न मिळाल्यास सात कामकाजाच्या दिवसांत विनाशुल्क खाते बंद करावे, असाही नियम आहे. म्हणून कार्डाविषयीच्या फोनवर कोणी ओटीपी मागितला, तर तो ‘रद्द करण्यासाठी’ आहे असे सांगितले तरी देऊ नये. त्याच ओटीपीने कार्ड चालू होऊ शकते.

शाखेला लेखी कळवावे की आपण कार्ड मागितलेले नाही, बिल रद्द करून दंडाची रक्कम द्यावी आणि कर्जफेडीची नोंद ठेवणाऱ्या पत मापन कंपन्यांकडे थकबाकी कळवली असल्यास ती दुरुस्त करावी. निवृत्तिवेतन खात्यावरील कोणत्या कागदावर सही घेतली गेली होती, याची प्रतही मागावी. हयातीच्या दाखल्याबरोबर दुसरा अर्ज सरकवला गेल्याची तक्रार माझ्याकडे यापूर्वीही आलेली आहे. पाकीट तसेच बंद ठेवावे, कापून फेकू नये. कार्ड कापल्याने खाते बंद होत नाही, आणि न उघडलेले पाकीट हा आपल्या बाजूचा चांगला पुरावा आहे. खाते बंद झाल्याचे पत्र हातात पडल्यानंतर त्याचे काय करायचे ते करावे.